टोपीची फेरी

मीरासाब कायमचा विलायतेत राहिला, तर अमीनचा फायदाच होता. धाकटा भाऊ तिकडं एका गिरणीच्या गावात पगारी क्रिकेटपटू म्हणून उन्हाळाभर खेळायला लागला, आणि इकडं कोल्हापुरात अमीन पिंजाऱ्याचा अमीनशेठ झाला. ताराबाई पार्कातल्या बंगल्यांतून गाद्या भरायला बोलावणी यायची. कापूस पिंजता पिंजता अमीन सांगायचा, आमचा मीरासाब सायबाच्या पंगतीला जेवतोय. हिवाळ्यात भाऊ घरी आला की मात्र ही कहाणी जरा जपून सांगावी लागे. कारण विचारलं की मीरासाब खरं सांगून मोकळा व्हायचा: पीचवर रोलरसुद्धा मीच ओढतो.

एकाहत्तरच्या हिवाळ्यात तो नवीच बातमी घेऊन आला. क्लबवाले गिरणीत बारमाही नोकरी देत होते. घेतली की दरसालचं घरी येणं बंद. आठवड्यात उत्तर कळवायचं होतं. अमीननं तिथल्या तिथं हो म्हणून टाकलं, जणू नोकरी त्यालाच लागली होती.  आईनं, सुलतानबीनं, मीरासाबची गादी उसवली आणि नवा कापूस भरायला घेतला.

त्या रविवारी गावातल्या मैदानावर सामना झाला. मीरासाबनं पन्नास केले. पण बाद झाल्यावर तो तंबूत गेलाच नाही. डोक्यावरची टोपी उलटी धरून तो सीमेच्या कडेनं, लोकांपुढून चालू लागला. विलायतेत त्याच्या क्लबाची रीतच होती: पगारी खेळाडूनं पन्नास केले की टोपी फिरायची. गुंडू पैलवानानं आधी त्याची पाठ थोपटली, मग टोपीत नोट टाकली. त्याचं बघून आणखी दोघांचे हात खिशात गेले.

पुढं खुर्च्या होत्या, आणि खुर्च्यांवर ताराबाई पार्क बसलं होतं. अमीन धावत गेला आणि त्यानं टोपी हिसकावली.

"लाज हाय का? भीक मागतोयस?"

"गुंडू पैलवान कुस्ती मारून फडात फेरी मारतोय, तवा तू रुपाया देऊन वर हात जोडतोस. ती भीक हाय व्हय, भाई?"

"त्यो आपल्या माणसांत मागतोय."

"आन् मी?"

अमीननं टोपी पाठीमागं धरली.

"तिकडं टोपी भरती," मीरासाब हळूच म्हणाला, "पर देणारं एक तोंड वळखीचं नसतंय. एकदा हितं फिरवून बघायची हुती. भरली असती, तर नोकरीला न्हाय म्हणून कळवणार हुतो."

त्यानं टोपी परत घेतली, तिघांच्या नोटा तिघांना दिल्या आणि टोपी डोक्यावर चढवली. बुधवारी त्यानं होकाराचं पत्र टाकलं.

क्लबाला बारमाही खेळाडू मिळाला. गिरणीला कामगार मिळाला. अमीनचं शेठपण टिकलं, शिवाय आता खरं सांगणारं घरात कुणी उरलं नाही. सुलतानबी मात्र दर हिवाळ्यात ती गादी उसवायची, कापूस पिंजायला अमीनपुढं टाकायची आणि पुन्हा भरून भिंतीकडेला घालायची. त्या गादीवर कुणी निजत नसे. पिंजणावळ अमीननं कधी मागितली नाही. त्या टोपीत त्याच्याकडून भरणा झाला तो तेवढाच. बाकी सगळा आईनं केला, आणि ती तर सामन्याला गेलीही नव्हती.