एम्लिनदाजींचा ळ

बाळांनो, हिवाळ्यात उल्हास नदीवरचं धुकं कुळगावच्या गच्च्यांवर येऊन टेकतं, तेव्हा त्या पांढऱ्या मौनातून सर्वात आधी एक आवाज बाहेर येतो. तांब्याच्या घंगाळात पाणी ओतावं तसा खोल, गोल, काठाशी किंचित थरथरणारा. तो आवाज शेजारच्या गच्चीवर येरझारा घालणाऱ्या एम्लिन नावाच्या वेल्श नटाचा. वय सत्त्याहत्तर, देह उंच पण वाकलेला, खांद्यावर सिद्धार्थभाऊंची जुनी शाल.

सिद्धार्थभाऊ आमचे शेजारी, अंबरनाथ एमआयडीसीतून निवृत्त झालेले फिटर. त्यांची थोरली बहीण कमळ माझी शाळासोबतीण. उल्हासनगरला नर्स होती, तिथून वेल्सला गेली आणि या नटाशी लग्न करून तिथलीच झाली. गेल्या वर्षी ती वारली. एम्लिन तिचं माहेर पाहायला पंधरा दिवसांसाठी आले आणि राहूनच गेले. आता सगळी गल्ली त्यांना दाजी म्हणते, कोपऱ्यावरचे सिंधी दुकानदारसुद्धा.

खाणकामगाराचा हा मुलगा. काळोखातून वर येणाऱ्या माणसांची समूहगीतं ऐकत वाढलेला तो गळा एकोणिसाव्या वर्षी रंगभूमीवर आला आणि पुढची पन्नास वर्षं राजे, दारुडे, धर्मगुरू आणि वेडे बाप त्याच्यात आलटूनपालटून वस्तीला राहिले. पडद्यावर मात्र त्यांच्या वाट्याला सारखं मरणंच आलं. कमळ फोनवर खळखळून हसायची, "अगं, मी दर रविवारी विधवा होते आणि सोमवारी त्यालाच डबा करून देते!"

हल्ली शब्द त्यांच्या हातून निसटू लागले आहेत. म्हणून त्यांनी ठरवलं, शेवटचा प्रयोग कमळच्या मुलखात करायचा. तासभर इंग्रजीत तिची गोष्ट आणि शेवटचं एकच वाक्य मराठीत: "कमळ, मी आलो."

तिथेच सगळं अडलं. पंचेचाळीस वर्षं ते तिला कमल म्हणत आले होते. उल्हासनगरची सिंधी मेट्रन, तिथले पेशंट, वेल्समधले शेजारी, सगळे कमलच म्हणत. भाऊ तर ताई म्हणत. तिने कधी कुणाला दुरुस्त केलं नाही. उलट वेल्शमधला तो जिभेच्या कडांनी वारा सोडणारा 'ल' ती आठवड्यात शिकली होती. तिच्या शाळेच्या दाखल्यावरचं नाव मी मोठ्याने वाचलं, तेव्हा एम्लिनना पहिल्यांदा कळलं. ज्याचा सगळा जन्म उच्चारावर उभा, त्याला आपल्याच बायकोचं नाव येत नव्हतं.

मग महिनाभर शेजारच्या गच्चीवर काय धमाल उडाली!

"दाजी, ल नाही, ळ! जीभ मागं वळवा, नटावर पाना फिरवतो तशी."

"कमर."

"अहो दाजी, कमर नाही, बहीण आहे माझी!"

एकदा भाऊच वैतागून म्हणाले, "जाऊ द्या, कमल चालेल. पब्लिक समजून घेतं."

"इंग्रज असतो तर जाऊ दिलं असतं," एम्लिन मोडक्या मराठीत गरजले. "आमच्या गावांची नावं ते अशीच मोडतात. मी वेल्श आहे!"

काल अंबरनाथच्या सभागृहात प्रयोग झाला. मागून शब्द सांगायला कुणी नको, असं त्यांनी आधीच बजावलं होतं. मध्ये दोनदा वाक्य हरवलं. दोन्ही वेळा ते शांत उभे राहिले आणि वासरू गोठ्यात परतावं तसं वाक्य आपण होऊन परत आलं. शेवटी ते रंगमंचाच्या काठाशी आले, एकच पिवळा झोत त्यांच्या पांढऱ्या केसांवर उतरला. विंगेत भाऊंचे ओठ नुसते हलत होते. एम्लिननी श्वास घेतला.

"कमळ, मी आलो."

ळ होता! थोडा खडबडीत, खाणीतून नुकताच काढल्यासारखा, पण अस्सल ळ! सभागृह उठून उभं राहिलं. सत्तरीच्या सिद्धार्थभाऊंनी दोन बोटं तोंडात घालून अशी शिटी मारली की पहिल्या रांगेतल्या बायका दचकल्या. कमळबरोबरच्या दोन म्हाताऱ्या नर्सेस एकमेकींचे हात धरून एकाच वेळी हसत आणि रडत होत्या.

एम्लिननी मात्र झुकून अभिवादन केलं नाही. मान जराशी कलती ठेवून, समोरच्या अंधाराकडे कान लावून ते उभेच राहिले, आणि टाळ्या हळूहळू आपोआप विझल्या. आपल्याकडे हाक मारली की ओ द्यायची असते. ती यायला जेवढा वेळ लागतो तेवढाच वेळ ते थांबले. माणूस जातं, त्याचं नाव मागे राहतं, आणि काळ आपल्याला ते नीट उच्चारायला शिकवतो तो बहुधा ओ देणारं कुणी उरलेलं नसतानाच.