आजींचं पहिलं उत्तर

मुलांनो, असं समजा, तुमच्या कानांवर मोठे हेडफोन आहेत आणि परक्या घरात तुम्हाला खोकायचीही चोरी आहे. अशीच बसली होती एक दहा वर्षांची मुलगी. तिची आई बायकांच्या आठवणींवर माहितीपट करायची. आवाज नीट येतोय ना, हे ऐकायचं काम लेकीकडे.

समोर शिलाई कारखान्यातून निवृत्त झालेल्या आजी होत्या. लग्न होऊन दुसरी भाषा बोलणाऱ्या घरात आलेल्या.

"तुमच्या भाषेतलं एखादं गाणं म्हणता?" आईनं विचारलं.

"कशाला गं, कावळ्याचा गळा माझा," आजी हसल्या. मग म्हणाल्या, "लेक पाळण्यात होता तेव्हा म्हटलं होतं एकदा. सासूनं थोबाडीत दिली. लेक मोठा झाला आणि म्हणाला, 'चारचौघांत ते गावंढळ बोलत जाऊ नकोस.' सासूचा मार विसरले मी. त्याचं बोलणं नाही विसरले."

मुलीनं हात वर केला. आवाजात फ्रिजची घरघर येत होती. मुलाखतीआधी फ्रिज बंद करायचा, हा आईचाच नियम. पण आपलेच नियम आपण सगळ्यात आधी विसरतो.

"आजी, पुन्हा सांगाल? अगदी तसंच," फ्रिज बंद करून आई म्हणाली.

तेवढ्यात आजींचा लेक कामावरून आला आणि दाराला टेकून उभा राहिला. "चालू द्या, चालू द्या! आमची आई बोलायला लागली की रेडिओ झक मारतो."

आजींनी चष्मा पुसला. "छे गं, मला कोणी नाही अडवलं. मीच विसरले माझी भाषा."

माहितीपटात हेच आलं.

"आई, पहिलं खरं होतं," मुलगी घरी म्हणाली.

"माहीत आहे गं. पण त्या घरघरीत कोण ऐकणार? आणि त्यांच्या घरात आपण कशाला काडी लावायची?"

माहितीपट दाखवला त्या दिवशी सभागृहात टाळ्यांचा कडकडाट झाला. पहिल्या रांगेत लेक शेजाऱ्याला सांगत होता, "ऐकलंत ना? आमच्याकडे आईला कोणी कधी अडवलं नाही." आजी मांडीवरच्या आपल्या हातांकडे बघत बसल्या होत्या.

प्रश्नोत्तरं सुरू झाली. मुलगी उभी राहिली. "आई, आजी पहिल्यांदा जे बोलल्या, ते का नाही दाखवलंस?"

आईनं दुसरीकडे बघत म्हटलं, "पुढचा प्रश्न."

मुलगी खाली बसली नाही.