चमकी नसलेले मोहेई आजोबा

मित्रांनो, मी एक जुना पत्ता आहे. खेळातला. माझ्यावर राजा नाही, राणी नाही, गुलामसुद्धा नाही. माझ्यावर एक पाठीत वाकलेला म्हातारा आहे आणि त्याच्या हातात तेलाचा डबा आहे. त्याचे नाव मोहेई आजोबा. 'सात दीपस्तंभ' नावाच्या कार्टून मालिकेत ते एका भागापुरते येतात. धापा टाकत दीपस्तंभाच्या पायऱ्या चढतात, दिव्यात तेल घालतात आणि निघून जातात. मालिकेची नायिका शिराहो त्यांना "सांभाळून उतरा" म्हणते, एवढेच त्यांचे भाग्य. अशा माणसावर पत्ता छापावा असे ज्या कोणाला सुचले, त्याचे मी आजही आभार मानतो.

माझा जन्म छापखान्यात झाला. एका मोठ्या जाड कागदावर आम्ही खूपजण शेजारी शेजारी छापले गेलो. माझ्या उजव्या अंगाला खुद्द शिराहो होती. मग यंत्राने आम्हाला कापले, आमचे कोपरे गोल केले आणि पाचपाच जणांना एका पाकिटात कोंबले. शिराहोच्या अंगावर चमकी चढली होती. मी मात्र साधा. आमच्यासारखे साधे पत्ते ढिगाने छापतात. मला त्याचे वाईट वाटले नाही. सगळेच नवरदेव झाले तर वरातीत नाचणार कोण?

ते पाकीट जपानमधल्या योनागो गावात मोमोसे काकूंच्या दुकानात आले. दुकान वह्या-पेन्सिलींचे. पण मागच्या बाजूला काकूंनी चार टेबले मांडली होती आणि शनिवारी तिथे पत्त्यांचा खेळ चाले. काकू गळ्यात ॲप्रन, नाकावर चष्मा अशा थाटात पंच म्हणून उभ्या राहत. त्यांच्या टेबलाचे कायदे कडक होते. खेळ सुरू करण्याआधी दोघांनी मान लववून "सांभाळून घ्या" म्हणायचे. समोरच्याचा पत्ता नीट वाचायचा असला, तरी तो थेट उचलायचा नाही. आधी विचारायचे, "हात लावू का?" कोणी विसरला की काकू टेबलावर बोट आपटत. "पत्ता दुसऱ्याचा, हात आपला. मध्ये एक प्रश्न हवा," असे त्या म्हणत.

माझे पाकीट फोडले ते नागिसाने. ती तेव्हा दुसरीत होती. शेजारी तिची मैत्रीण कोनात्सु बसली होती. ती त्या दिवशी पहिल्यांदाच दुकानात आली होती आणि तिच्याकडे एकही पत्ता नव्हता. नागिसाने मला बाहेर काढले आणि नाक मुरडले. कोनात्सु मात्र मला बघून हसत सुटली.

"अगं, हे तर आमचे आजोबा! थंडीत रॉकेलचा लाल डबा घेऊन अस्सेच येतात. अस्सेच वाकून."

"मग घे तुलाच," नागिसा म्हणाली.

"खरंच? कायमचा?"

"कायमचा. पण हसायचं नाही त्यांना."

कोनात्सुने दोन्ही हात पुढे करून मला घेतले. त्या दोन लहान, घामट तळव्यांत मला पहिल्यांदा कळले की आपण कोणाचे तरी झालो. मित्रांनो, ते सुख चमकीत नसते.

त्यानंतर दोन वर्षे मी भरपूर खेळलो. माझ्या अंगात ताकद फार नाही, कोणीही दमदार पत्ता मला एका फटक्यात बाद करतो. पण माझा एक गुण आहे. मी बाद झालो की आधी बाद झालेला एक सोबती परत हातात येतो. म्हणजे माझे जाणे हेच माझे काम. नागिसाच्या पत्त्यांनी मला कितीदा तरी बाद केले, आणि प्रत्येक वेळी माझ्यामुळे कोनात्सुची शिराहो परत येताना बघून ती कपाळाला हात लावायची. एकदा विचाराच्या नादात कोनात्सुचे नख माझ्या डब्याच्या कडीवर लागले आणि बारीक ओरखडा उठला. ती रडवेली झाली. नागिसाने आपल्या गड्डीतले एक पारदर्शक कव्हर काढून मला घातले आणि म्हणाली, "आता लागणार नाही. जुन्या डब्याला ओरखडा असतोच."

पण या खेळाची एक रीत आहे. दरवर्षी जुने संच निवृत्त होतात. आमच्या कोपऱ्यात एक लहान अक्षर छापलेले असते. ज्या वर्षी त्या अक्षराची पाळी येते, त्या वर्षी ते अक्षर असलेले सगळे पत्ते स्पर्धेतून बाहेर जातात. माझीही पाळी आली. कोनात्सुने मला नोरीच्या रिकाम्या डब्यात ठेवले. समुद्री शेवाळाचा वास आणि कोपऱ्यात ओल शोषणारी एक पुडी. जागा कोरडी होती, शेजार चांगला होता. मी तिथे मजेत राहिलो. फक्त शनिवार कधी येतो नि कधी जातो, ते कळेनासे झाले.

मग मुली सहावीत गेल्या आणि एका जूनमध्ये नवा संच आला, 'परतीचा किनारा'. मालिकेतली सगळी विसरलेली माणसे या संचात परत आणली होती. योनागोत तो संच मिळणे म्हणजे दिव्यच. पाकिटे थोडी आणि मुले उदंड. मोमोसे काकूंनी मुलांना दुकानाबाहेर उभे करून दगड-कागद-कात्री खेळायला लावले. जिंकेल त्याला पाकीट. कोनात्सु जिंकली. पाकीट फोडले तर आत कोण? मोहेई आजोबा! तोच वाकलेला म्हातारा, तोच डबा, तोच गुण. फक्त आता डब्यातून सोनेरी उजेड सांडत होता आणि आजोबांच्या पांढऱ्या मिशांनासुद्धा चमकी होती. या संचात आजोबा चमकीचेच छापले होते, साधे नव्हतेच.

मला माझ्या या धाकट्या भावाचा हेवा वाटला असेल असे तुम्हाला वाटेल. नाही वाटला. उलट त्याचे माझ्यावर मोठे उपकार आहेत. नियम असा आहे की जुनाच पत्ता नव्या संचात पुन्हा छापला, तर त्या नावाचे जुने पत्तेही परत खेळू शकतात. त्याच्या जन्माने माझी निवृत्ती रद्द झाली.

पण ते कोनात्सुच्या ध्यानात आले नाही. तिने चमकीचे आजोबा गड्डीत बसवले आणि नवीन पत्त्यांना जागा हवी म्हणून नोरीचा डबा उचलून दुकानात आणला. तिथे दाराशी एक खोके असते. त्यावर लिहिलेले आहे, 'हवे ते घेऊन जा'. सगळी मुले नको झालेले साधे पत्ते त्यात टाकतात. कोनात्सुने डबा त्यात उपडा केला. मी पालथा पडलो.

नागिसा तिथेच उभी होती.

"मोहेई आजोबापण?" तिने विचारले.

"अगं, आता सोनेरी आहेत ना! हे जुने कशाला?" कोनात्सु हसून म्हणाली आणि नवा पत्ता नाचवत आत गेली.

थोड्या वेळाने नागिसाचा हात खोक्यात आला, पत्ते बाजूला सारत गेला आणि ओरखड्यावर येऊन थांबला. तिने मला आपल्या गड्डीच्या डबीत, झाकणाच्या आतल्या खिशात ठेवले. तिच्या गड्डीत मला जागा नव्हती. तिचा खेळ वेगळा होता. तरी तिने मला घेतले. खोक्यातले बाकीचे पत्ते संध्याकाळपर्यंत कुठेकुठे पांगले. या मुलीचे आभार मी कोणत्या शब्दांत मानू?

त्या दिवसापासून मात्र नागिसा कोनात्सुच्या टेबलावर बसेना. झाकणाच्या आत बसून मी सारे ऐकत होतो.

"रागावलीस का माझ्यावर?" कोनात्सु विचारी.

"नाही."

"मग बोलत का नाहीस?"

"बोलतेय की."

अशा बोलण्याला बोलणे म्हणत नाहीत, हे पत्त्यालासुद्धा कळते. चार वर्षांची मैत्री अशी हळूहळू वाळत चालली होती आणि कोनात्सुला कारणच उमगत नव्हते. मला कारण ठाऊक होते, कारण ते कारण मीच होतो. पण छापील तोंडाने बोलणार काय?

जुलै उजाडला तरी तिकडचा जूनचा पाऊस अजून सरला नव्हता. हवा ओली, भिंती ओल्या, मोज्यांचा वास दुकानभर. त्या शनिवारी स्पर्धा होती. जिंकणाऱ्याला जिल्ह्याच्या स्पर्धेसाठी तोत्तोरीला जायला मिळणार होते. दुपारी दुकानाचा एसी बंद पडला. काकूंनी दार उघडे टाकले आणि ओली हवा सरळ टेबलांवर येऊन बसली. एकेक जण हरत गेला आणि शेवटी समोरासमोर आल्या कोनात्सु आणि नागिसा.

शेवटच्या डावाआधी काकू दोघींच्या गड्ड्या तपासतात. नागिसाची ठीक होती. कोनात्सुची गड्डी त्यांनी टेबलावर ठेवली, मान वाकवून बाजूने पाहिली आणि चष्मा वर केला.

"हा पत्ता वाकलाय. गड्डीत कुठे आहे, ते आंधळ्यालाही सांगता येईल."

ते चमकीचे आजोबा होते. मित्रांनो, चमकीची ही एक खोड आहे. ओल लागली की ती कागदाला ओढून धरते आणि पत्ता पापडासारखा वाकतो. सगळी गड्डी चमकीची असेल तर सगळीच वाकते, कोणी पकडत नाही. एकच चमकी असली की तीच उघडी पडते.

"बदली म्हणून याच नावाचा पत्ता दे, जुना असला तरी चालेल. नाहीतर गड्डी अपुरी. अपुऱ्या गड्डीने डाव नाही," काकू म्हणाल्या.

"डाव नाही म्हणजे?"

"म्हणजे नागिसा जिंकली."

मुलांनी आपापल्या डब्या उघडल्या. मोहेई आजोबा आणखी तिघांकडे निघाले, तिन्ही सोनेरी आणि तिन्ही वाकलेले. दाराशी असलेले खोके उपडे केले. त्यात बेडूक निघाले, कोळी निघाले, आजोबा नाहीत.

"साधे आजोबा कोण सांभाळून ठेवतो? आपण सगळ्यांनी मिळूनच त्यांना वृद्धाश्रमात पाठवलं," रेन्तारो नावाचा मुलगा म्हणाला. तो पहिल्याच फेरीत हरला होता, त्यामुळे त्याला विनोद सुचत होते. कोणी हसले नाही.

कोनात्सु वाकलेला पत्ता दोन्ही हातांनी सपाट धरून बसली होती. सोडला की तो परत वर येई. तिचे डोळे भरले.

मी झाकणाच्या आत होतो. बाहेर झाकणावर नागिसाचा अंगठा होता. ती नुसती गप्प बसली असती तरी जिंकली असती. मी तिच्याकडे आहे, हे दुकानात कोणालाच माहीत नव्हते. तोत्तोरीला जावे असे तिलाही वाटत होते. तिने वर्षभर तयारी केली होती, आणि तिचा राग खोटा नव्हता. मी मनात म्हणालो, पोरी, तू काहीही ठरवलेस तरी तू मला खोक्यातून उचललेस, हे मी विसरणार नाही.

झाकण उघडले.

"काकू, एक आहे," नागिसा म्हणाली आणि तिने मला टेबलाच्या मधोमध ठेवले.

कोनात्सुने पाहिले. डबा पाहिला. कडीवरचा ओरखडा पाहिला. कव्हर पाहिले. मग तिने नागिसाकडे पाहिले, आणि इतके दिवस जे कळत नव्हते ते तिला एका क्षणात कळले.

तिचा हात पुढे आला आणि माझ्या अलीकडेच थांबला.

"हात लावू का?" तिने विचारले.

बाहेर पन्हळीतून पाणी पडत होते.

"त्या दिवशी टाकताना तुला विचारलं नाही मी," कोनात्सु म्हणाली. "तू दिला होतास. मी विचारायला हवं होतं."

"हो, हवं होतं," नागिसा म्हणाली. मग म्हणाली, "लाव हात. पण उसना आहे. परत हवा मला."

मोमोसे काकूंनी चष्मा पुसला. तो ओला झाला होता म्हणे, हवेने.

काकूंनी माझे कव्हर उतरवून मला गड्डीत मिसळले, दोघींनी मान लववून "सांभाळून घ्या" म्हटले आणि डाव सुरू झाला. डाव अटीतटीचा झाला. कोनात्सुची शिराहो, नायिका म्हणून दरवर्षी साधीही छापतात ती, लवकरच बाद झाली आणि तिच्या हातात दम उरला नाही. तेव्हा मी तिच्या हातात आलो. तिने मला पुढे केले. नागिसाला माझा गुण पाठ होता, पण मला बाद केल्याशिवाय तिला वाटच नव्हती. तिने मला बाद केले. मी गेलो, शिराहो परत आली, आणि दोन चालींत डाव संपला. कोनात्सु जिंकली.

"माझ्याच आजोबांनी मला पाडलं," नागिसा कपाळाला हात लावून म्हणाली. अगदी दुसरीतल्यासारखी. मग ती हसली. कोनात्सु मात्र रडायला लागली, आणि तिला गप्प करता करता नागिसाचीही तीच गत झाली.

पुढच्या आठवड्यात मी तोत्तोरीला गेलो. एवढे मोठे सभागृह मी आयुष्यात पाहिले नव्हते. कोनात्सु पहिल्याच फेरीत हरली. गाडीतून परतताना तिने मला दप्तरात ठेवले नाही, हातात धरून ठेवले. दुसऱ्या दिवशी तिने दोन्ही हातांनी मला नागिसाच्या पुढे केले.

मित्रांनो, माझी गोष्ट एवढीच. मी कधी दुर्मिळ नव्हतो आणि होणारही नाही. पण ज्याने मला रेखाटले, जिने मला दिले, जिने घेतले, जिने टाकल्यावर उचलले, आणि तो माझा सोनेरी भाऊ, ज्याच्यामुळे मी परत खेळात आलो, या सगळ्यांचा मी ऋणी आहे. तुमच्या घरीही असा एखादा डबा असेल. तो उपडा करण्याआधी आतली वस्तू तुम्हाला कोणी दिली होती, ते आठवून बघा. देणारा जवळ असेल तर त्याला एकदा विचारा.

आता मी नागिसाच्या झाकणातच राहतो. दर शनिवारी डाव मांडताना कोनात्सुला मी लागतो. नागिसा डबी उघडून मला टेबलावर ठेवते, आणि कोनात्सुचा हात माझ्या अलीकडे थांबतो.

"हात लावू का?"

"दर वेळी काय विचारतेस गं? घे की."

तरी ती दर वेळी विचारते.