झाडलेली वाळू

विहिरीच्या कडेपासून तीन हातांवर डाव्या पावलाचा एक ठसा होता. अंगठा आत वळलेला, करंगळीची खूण जवळजवळ नाहीच. कडा अजून धारदार होत्या. सूर्य वर आला की वारा सुटतो आणि घटकाभरात ठशांच्या कडा ढासळतात. म्हणजे हा माणूस पहाटेच येऊन गेला होता.

ती करंगळी लहानपणी उंटाच्या पायाखाली गेली होती. पाऊल माझ्या भावाचं, रिस्साचं होतं.

रिस्सा बंडवाल्यांकडे होता. माझा नवरा अत्तायूब सरकारच्या बाजूने लढणाऱ्या आमच्या टोळीचा म्होरक्या. दोन्हीकडे आम्ही सहारातले तुआरेगच, नात्यातलेच. आई माझ्या तंबूत आजारी होती. अकरा दिवस तिच्या पोटात दुधाशिवाय काही गेलं नव्हतं. रिस्सा तिला भेटायला आला असणार आणि तंबूपाशी टोळीच्या गाड्या बघून परत फिरला असणार.

बाभळीची फांदी घेऊन मी ठसा पुसून टाकला. तिथेच चुकले. शेळ्या हाकायच्या होत्या त्यावरून.

ऊन तापायच्या आत मोस्सा आला. माझा मामेभाऊ, टोळीचा माग काढणारा. मामे-आतेभावंडांनी एकमेकांची कितीही टिंगल करावी, आमच्यात त्यावर कुणी रागवत नाही. त्यामुळे त्याला काहीही बोलता येत होतं.

"काय गं आतेबहिणी, वाळवंट झाडायला लागलीस? सरकारनं पगार सुरू केला वाटतं!"

"तुझ्या पायांची घाण होती. वास येत होता."

"माझे पाय काल उत्तरेला होते." चहाचा पेला त्याने एका घोटात संपवला. "दोन हात बाय दीड हात. एवढीच जागा स्वच्छ. बाकी सगळीकडे लेंड्या. झाडायचं तर नीट झाडावं, बाई."

मी हसले. तोही हसला.

"मोस्सा, तुलाही त्यानंच उंटावर बसायला शिकवलं."

"हो ना. म्हणून तर पडतो मी अजून." आता तो हसत नव्हता. "मी सांगितलंय अत्तायूबला. मी नसतं सांगितलं तर दुसऱ्या कुणी सांगितलं असतं, आणि मग माझाही माग काढला असता."

दुपारी अत्तायूब आला. आईच्या समोर यायचं म्हणून त्याने फेट्याचं कापड नाकावर ओढून घेतलं. फक्त डोळे उघडे राहिले. बारा वर्षांत त्याने सासूसमोर घास खाल्ला नव्हता की आवाज चढवला नव्हता. आजही तो हळूच बोलला, दाराशी, आईकडे पाठ न करता.

"उद्या तो येईल. मी गाड्या दूर नेतो. वरच्या काळ्या खडकांवरून त्याला तंबू दिसतो, गाड्या नाहीत हेही दिसेल. तू काही करायचं नाहीस. रोजच्यासारखा चहा ठेव."

"आणि तुम्ही सगळे?"

"फक्त धरणार. चौकशी करणार."

"मागच्या महिन्यात तिघांना फक्त धरलं होतं. ते कुठायत?"

तो आईकडे वळला. "सासूबाईंची तब्येत कशी आहे?"

आईने डोळे उघडले. "माझ्या दारात माझ्या मुलाला मारणार असशील तर तोंड कशाला झाकतोस, जावई?"

त्याने कापड आणखी वर ओढलं. बाहेर मोस्सा आणि चौघं बंदुका पुसत बसले होते. सगळं ऐकू जात होतं त्यांना. कुणी मान वर केली नाही.

हा तंबू आईने मला लग्नात दिला. शेळ्यांची कातडी तिने आणि मावशीने शिवली. आमच्यात तंबू बाईचा. नवरा त्यात राहतो तो तिच्या राजीखुशीने. तिने तो उतरवला की लग्न संपलं, पुरुषाने वाळूत झोपावं. या लढाईत पहिली माणसं मेली तेव्हाच आई म्हणाली होती, उतरव. मी म्हटलं, पाऊस होऊ दे. मग म्हटलं, लढाई थांबू दे. दोन वर्षं झाली. अत्तायूब वाईट नवरा नव्हता, हेही खरं.

तंबू दिसला नाही तर रिस्सा खडकांवरून खाली उतरणार नव्हता. आईला मग तो बहुधा दिसणार नव्हता. मी तिच्याकडे बघितलं. तिने मान डोलावली.

मी उठले, मधल्या खांबाला हात घातला आणि बाहेरच्यांनाही ऐकू जाईल असं म्हणाले, "अत्तायूब, तुझं खोगीर बाहेर काढ. मी तंबू उतरवतेय."