चोरखिशातलं तिकीट

अहो, कोरा कागद म्हणून चुरगाळू नका मला. मी तिकीट आहे. वसमत ते हिंगोली, साधा डबा, माणूस एक. यातलं एकही अक्षर आता माझ्या अंगावर उरलेलं नाही, म्हणून तोंडानं सांगावं लागतंय.

वसमत स्टेशनच्या खिडकीत माझा जन्म झाला. आम्हा तिकिटांचं आयुष्य ते केवढं! तास-दीड तास खिशात बसायचं, मग कुणाच्या तरी कानात सुरळी होऊन फिरायचं, नाहीतर फलाटावर पडायचं. माझ्याही कपाळी तेच असतं तर बरं झालं असतं. पाच वर्षं झाली, मी अजून प्रवासातच आहे.

मला घेतलं कुरुंद्याच्या फारुक टेलरनं. तो हिंगोलीला अस्तराचं कापड आणायला निघाला होता. लोकांचे कपडे शिवण्यात जन्म गेला, स्वतःसाठी मात्र पहिल्यांदाच नवं जाकीट शिवलेलं. नरसीच्या जत्रेत एकदा त्याचा खिसा कापला गेला होता. टेलरचाच खिसा कापला म्हणून गावभर हसू झालं, आणि गड्यानं त्याचा असा धसका घेतला की जाकिटाच्या अस्तरात चोराच्या बापालाही सापडणार नाही असा चोरखिसा शिवला. मला त्यात घातलं आणि वरून दोनदा थोपटलं.

गाडीला मरणाची गर्दी. फारुक दारात उभा होता. वळणावर हिसका बसला आणि त्याचा हात सुटला. मी त्याच्या छातीला चिकटून होतो, एवढंच सांगतो. पुढचं सांगवत नाही.

पोलिसांनी खिसे तपासले. मोजपट्टी निघाली, खडूचा तुकडा निघाला. मी काही निघालो नाही. पंचनाम्यात लिहिलं गेलं, ‘तिकीट आढळले नाही.’ मी आतून ओरडत होतो हो, पण कागदाचा आवाज तो कितीसा!

कपड्यांचं गाठोडं घरी आलं. फारुकच्या बायकोनं, मदीनाबीनं, ते तसंच पेटीत ठेवलं. शेजारच्या गंगूताई म्हणाल्या, “धुऊन देऊन टाक ना कुणाला. काहून जिवाला लावून घेऊन राहिलीस?”

“न्हाई धूत, बाई. त्यांच्या अंगाचा वास हाय त्याला.”

साबणापासून मी वाचलो. पण पत्र्याच्या घरातली पत्र्याची पेटी, उन्हाळ्यात नुसती भट्टी. आमची अक्षरं एटीएमच्या पावतीसारखी, उन्हाची झळ लागली की उडतात. आधी तारीख गेली. मग भाडं.

भरपाईचा दावा नागपूरला लागला. रेल्वेच्या वकिलांचं एकच पालुपद. तिकीट नाही म्हणजे प्रवासी नाही, रूळ ओलांडत असेल. मदीनाबी तारखेला जायची, पुढची तारीख घेऊन यायची आणि थकून त्याच पेटीवर बसायची. लेकीला, सबीहाला म्हणायची, “पैशे देवोत न देवोत. पर माझा माणूस बिनतिकिटाचा न्हवता, एवढं तरी कुणी लिहून द्या की!”

काखेत कळसा आणि गावाला वळसा म्हणतात ना, तसं चाललं होतं. ती वर बसून उसासे टाकायची आणि मी खाली झिजत होतो. ‘हिंगोली’ही एका वैशाखात गेलं.

आता अब्बांची मशीन सबीहा चालवते. गेल्या महिन्यात एका गिऱ्हाइकाला जाकीट हवं होतं. नमुना म्हणून तिनं अब्बांचं बाहेर काढलं, अस्तराची शिवण उसवली आणि ओरडली, “अम्मी! हितं खिसा हाय!”

मदीनाबी पिठाच्या हातानंच धावत आली. सबीहानं मला उजेडात धरलं, उलटंपालटं केलं.

“वाच की पोरी.”

“कोरं हाय, अम्मी. समदं उडालं.”

मदीनाबी शाळेची पायरी कधी चढली नव्हती. तिनं मला हातात घेतलं, माझ्यावरून बोट फिरवलं.

“मला येतंय वाचता,” ती म्हणाली. “वसमत ते हिंगोली. माणूस एक.”

आणि पाच वर्षांत पहिल्यांदा ती मोठ्यानं रडली. मलाही भडभडून आलं. पण ओलं होणं मला परवडत नाही.

आज मी नागपूरच्या वाटेवर आहे. आमचे वकील म्हणाले, कोऱ्या कागदाचा भरवसा नाही, तरी घेऊन या. मदीनाबीच्या घट्ट मुठीत मी आहे, आणि मायलेकींची आजची दोन तिकिटं. काळीभोर अक्षरं त्यांची, नुकतीच जन्मलेली. मघाशी त्यांनी विचारलं, “काका, तुम्ही कुठलं?”

म्हटलं, “माझं राहू द्या, लेकरांनो. अंगावर अक्षरं हायत तवर बोलून घ्या.”