रॉकेल लावलेला हॅम

पोलंडमधल्या वूच शहरातल्या फिल्म स्टुडिओत मी सदतीस वर्षं नटांचे पोशाख सांभाळले. सेवेरिन पाकुवा माझ्याकडे पहिल्यांदा आला तो प्रेत म्हणून. पुढची अकरा वर्षं तो प्रेतच होता. कधी युद्धातलं, कधी नदीतलं. टीव्हीवर तर एका मालिकेत दोनदा मेला.

एक्याऐंशी साली त्याला पहिलं वाक्य मिळालं. जमीनदाराच्या मुलीच्या लग्नात हॅम खाऊन म्हणायचं, "अशी मेजवानी माझ्या लग्नातही नव्हती!" बायकोने, बाल्बिनाने, बजावलं होतं, "हे जमलं नाही तर सोमवारपासून माझ्या भावाच्या बटणांच्या कारखान्यात."

तेव्हा मांस कूपनवर, तेही रांगेत उभं राहून. सेटवर दोन अख्खे हॅम आले आणि चाळीस वऱ्हाडी त्यांच्याभोवती घुटमळू लागले. सामान सांभाळणाऱ्या क्लेमेन्सने नेहमीसारखं दोन्हींवर रॉकेल शिंपडलं.

"आता खा म्हणावं!"

"गाढवा, सेवेरिनला खायचाय ना!" दिग्दर्शक ओरडले. "दुसरा हॅम कुठून आणू? जाऊ दे, ते वाक्यच काढून टाका."

सेवेरिनचा चेहरा असा पडला, की अकरा वर्षांत इतकं चांगलं प्रेत त्याला जमलं नव्हतं.

मला राहवलं नाही. खरं सांगायचं तर क्लेमेन्स यायच्या आधीच मी हॅमचा एक जाड तुकडा कापून पेटीकोटांच्या टोपलीत दडवला होता. घरी चार तोंडं होती. त्यातलेच चार काप करून मी त्याच्या ताटात सरकवले आणि कमरपट्टा नीट करायच्या निमित्ताने कुजबुजले, "ताटातलंच खा. बाकीच्याला हात लावू नकोस."

त्याने ताट हुंगलं आणि ताठ उभा राहिला. "साहेब, मी खाईन. रॉकेल तर रॉकेल."

त्याने घास घेतला. डोळे मिटले, गालावर खरंखुरं पाणी आलं. वाक्य म्हणताना आवाज कापला.

"वा! झालं!"

"साहेब, मला समाधान नाही. अजून एकदा घेऊ या?"

लबाडाने तीनदा घ्यायला लावलं. दिग्दर्शकांनी त्याला मिठी मारली. पुढच्या चित्रपटात तो जिवंत होता, आणि शेवटपर्यंत.

मग तीस वर्षं प्रत्येक मुलाखतीत ते रॉकेल. मी बोलणार कशी? टोपली माझी होती. दर ईस्टरला त्याच्याकडून हॅम यायचा, सोबत चिठ्ठी: "बाई, आधी वास घेऊन बघा."

फेब्रुवारीत तो गेला. दफनाच्या वेळी एक तरुण नट गहिवरून म्हणाला, "या माणसाने कलेसाठी रॉकेल गिळलं!"

शेजारी उभ्या असलेल्या बाल्बिनाने माझ्या बरगडीत कोपर मारलं. चौथा काप सेवेरिनने बाहीत लपवून तिच्यासाठी नेला होता.