फोनमधलं वावर

जाई फुगे फोडल्याशिवाय जेवत नाही. फोन तांब्याला टेकवून ठेवायचा, ती पडद्यावरचे फुगे बोटानं फोडत बसते, आणि त्या नादात तोंड उघडं राहिलं की मी वरणभाताचा घास आत सरकवते. हे मला पटतं अशातला भाग नाही. पण पटणं-न-पटणं हे झोप पुरी झालेल्या बाईचं काम आहे.

त्या दिवशी तिचं जेवण अर्ध्यावर आलं होतं, आणि किसनराव ओट्यावर येऊन बसले. चपला काढल्या नाहीत, म्हणजे घाईत होते.

"सुनबाई, ते पीक पाहणीचं केलं का तुमी?"

"कसली पाहणी?" मी घास कालवत विचारलं.

"योगेशले सांगतलं होतं ना म्या, बाजारात भेटला तवा. आज शेवटचा दिवस हाय बाप्पा."

योगेश, माझा नवरा, मला काही बोलला नव्हता. तो पहाटे टेम्पो घेऊन अमरावतीच्या भाजीबाजारात जातो, माल आणून दुकानावर सासूबाईंजवळ टाकतो, पुन्हा दुसरी फेरी. घरी येतो तेव्हा त्याच्या डोक्यात फक्त पाठ टेकायची जागा असते. पूर्वी आमच्या घरचा माल अमरावतीला जायचा, आता अमरावतीचा माल आमच्या घरी येतो. आमचं वावर, म्हणजे शेत, किसनराव करतात, मक्त्यानं. आम्ही संत्र्याची बाग तोडली त्यानंतर त्यांनी तिथं कापसाची पऱ्हाटी लावली.

"सातबारा तुमच्या सासऱ्याच्या, वामनभाऊच्या नावचा हाय," किसनराव मला समजावू लागले. "वावरात उभं राहून मोबाइलवर फोटो टाका लागते. नाही टाकला त पडीत लागते कागदावर. मंग सरकारी खरेदीत माहा कापूस कोण घेते? अळी पडली त भरपाईतही नाव नाही."

"तुमच्या फोनवर नाही होत?"

त्यांनी खिशातून बटणांचा फोन काढून दाखवला. "याच्यावर फोन येते तेच लय झालं. मोठा मोबाइल पोट्ट्यासंग पुण्याले गेला."

मी जाईसमोरचा फोन उचलला. ती ओरडली. पीक पाहणीचं अॅप उतरवायला घेतलं तर फोन म्हणाला, जागा पुरेशी नाही.

घरात हा एकच असा फोन. काच एका कोपऱ्यातून तडकलेली, त्यावर मी चिकटपट्टी लावली आहे. त्यात सगळं घर राहतं. आधी मी सकाळच्या शुभेच्छांचे फोटो काढून टाकले, सूर्य, गुलाब, देव. मग जाईच्या फोटोंपर्यंत आले आणि थांबले. त्यातले निम्मे मी आधीच तेल्हाऱ्याला भावाच्या फोनवर पाठवून इथून पुसले होते. तिचं पहिलं रांगणं माझ्या माहेरी ठेवायला दिलं आहे म्हणा ना. उरलेले पुसायला बोट धजेना.

राहिले गेम.

योगेशला त्याच्या बटणांच्या फोनवर फोन लावला. मागं हमालांचा आवाज.

"मोटारीचा गेम काढू का?"

"कावून?"

मी सांगितलं. "अरे हो, ते राहूनच गेलं. काढ ना. लुडोपण काढ. आता कोण खेळते?" फोन ठेवता ठेवता म्हणाला, "मोटार लय पुढं नेलती पण."

दोन्ही काढले. जागा नाही. जाईचे मासे गेले, रंग भरायची चित्रं गेली. शेवटी फुगे. ती माझ्या मांडीवर चढून बघत होती. फुगे दिसेनात तेव्हा तिनं माझ्याकडं असं पाहिलं, जणू मीच तिच्या ताटात माती टाकली. मग रडणं. उरलेला भात तसाच राहिला.

तरी जागा नाही. सगळ्यात जास्त जागा अडवून बसला होता तो मामाजींचा गेम.

मामाजी म्हणजे माझे सासरे, वामनराव. त्यांचा हा शेतीचा गेम आम्ही कोणी मुद्दाम घेतलेला नाही. जाईच्या बोटानं कुठलीतरी जाहिरात दाबली गेली आणि तो आपोआप येऊन बसला. मामाजींनी एकदा तो तिच्या हातातून घेतला, चष्मा लावला, आणि दुसऱ्या दिवशी पहाटे मला म्हणाले, "तो मोबाइल दे बरं जरा. गहू आला असंन."

तेव्हापासून रोज पहाटे. हिरवं वावर, मधून नदी, गायी, कोंबड्या, माल न्यायला येणारा ट्रक. बाकीची माणसं हा गेम कशी खेळतात मला माहीत नाही, मामाजी तो शेतकऱ्यासारखा खेळत. अवसेला फोनला हात लावत नसत, अवसेला बैल जुंपत नाहीत म्हणून. मी म्हटलं, मामाजी, त्यात बैल कुठं आहेत. म्हणाले, "बैल नसो, मी त हावो." एक तुकडा आळीपाळीनं मोकळा ठेवत, जमीन थकते म्हणून. त्या गेममध्ये फळझाडंही असतात. काही तोडे देऊन ती वाळतात, मग कुऱ्हाडीचं चित्र येतं, त्यावर बोट ठेवलं की झाड जातं आणि नवीन लावता येतं. मामाजींनी त्या कुऱ्हाडीला कधी बोट लावलं नाही. त्यांच्या हिरव्या वावरात एका कडेला वाळकी झाडं तशीच उभी होती.

ते मागच्या अंगणात बाजेवर पडले होते. मी फोन घेऊन गेले. जाई कडेवर, हुंदके देत.

"मामाजी, तुमचं वावर काढावं लागते."

"कोणतं?"

मग माझ्या हातात फोन दिसला आणि ते उठून बसले. मी सगळं सांगितलं, किसनरावांचं, फोटोचं, जागेचं.

"मंग टाकता येते ना वापस?"

"येतं. पण पहिल्यापासून सुरू होईल. आपण त्यात नाव नोंदवलं नव्हतं. हे सगळं जाईल."

दुसरी कोणी कदाचित म्हणाली असती, येईल परत जसंच्या तसं. खोटं बोलायलाही अंगात जीव लागतो. माझ्यात तेवढा नव्हता.

त्यांनी फोन घेतला, उघडला. "कोहळे उभे हायेत," म्हणाले. "उभ्या पिकात नांगर नाही घालत, गीता. निघू दे. मंग काढ."

कोहळ्यांवरचं घड्याळ मी पाहिलं. दुपार उलटून गेल्याशिवाय ते पिकणार नव्हते. वावर गावाबाहेर, फोटो उजेडात काढायचा, आणि आज सगळा तालुका एकदमच फोटो टाकायला बसला असणार. तरी मला नाही म्हणवेना.

बाग तोडली तो दिवस मला आठवत होता. विहीर आटली होती, झाडांच्या बुंध्यांतून डिंक गळत होता, वाचणार नाही हे सगळ्यांना दिसत होतं. पण फांद्यांवर फळं होती, लिंबाएवढी, हिरवी. मामाजी म्हणत होते, एवढा बहार निघू द्या. मशीनवाला म्हणाला, मशीन आज आहे, उद्या दुसऱ्या गावाला. योगेशनं हो म्हटलं. मामाजी धुऱ्यावर, वावराच्या बांधावर, बसून राहिले आणि मशीननं फळांसकट झाडं आडवी केली.

"हिरे आहेत तुमच्याकडं," मी म्हटलं. गेममध्ये हिरे दिले की पीक लगेच पिकतं. मामाजींजवळ ढीगभर साठले होते, एकही खर्च केलेला नव्हता. "ते देऊन लवकर पिकवू?"

"टोचून पिकवलेलं मले चालत नाही."

मी बाहेर येऊन किसनरावांना सांगितलं की थोडं थांबावं लागेल. काय पिकायचं आहे तेही सांगावंच लागलं. मला वाटलं, चिडतील. ते आत गेले आणि बाजेच्या दुसऱ्या टोकाला बसून फोनमध्ये डोकावले.

"वामनभाऊ, निंदण नाही, फवारणी नाही, डुकरं नाही. अन् तुमच्या या वावरापायी माह्या वावराले उशीर."

"डुकरं नाहीत, पण मोबाइलची बॅटरी जाते ना बे किसना."

"ट्रक कोणाचा हाय?"

"कोणाचा का असंना. वेळेवर येते."

"भाव?"

"एकच. कालही तोच, आजही तोच."

किसनराव पडद्याच्या आणखी जवळ वाकले. "मंग सातबारा यात कुठी निघते थे पाहा," म्हणाले, "मीबी येतो."

मी फोन घरात चार्जिंगला लावला, मामाजी त्याच्यापाशी येऊन बसले, किसनराव परत ओट्यावर. चहा केला. जाईला बिनफुग्यांचं जेवू घालून पाहिलं, तिनं घास ओठांवरच अडवला. मग ती रडून रडून खांद्यावर झोपली आणि मी तिला तशीच घेऊन दारात उभी राहिले, कारण खाली ठेवलं की उठते. आभाळ भरून येत होतं. ओट्यावर किसनराव मान वर करून ढगांकडं बघत, मग माझ्याकडं. त्यांचं वर्ष त्या पऱ्हाटीवर होतं, आणि ते आमच्या ओट्यावर बसून कोहळे पिकायची वाट बघत होते. मला त्यांच्याकडं बघवेना.

"झाले," आतून मामाजी म्हणाले.

विळ्याच्या चित्रावर बोट ठेवून त्यांनी ते एकेका ओळीवरून फिरवलं. घाई केली नाही. ट्रक भरला. गायींना चारा घातला, कोंबड्यांना दाणे. वाळलेल्या झाडांपाशी पडदा सरकवत नेला, तिथं जरा थांबले, आणि कुऱ्हाडीला हात न लावता फोन माझ्याकडं दिला.

"घे."

मी चित्रावर बोट दाबून धरलं. फोननं विचारलं, हा गेम आणि त्यातली सगळी माहिती काढून टाकायची का? मी हो म्हटलं. मामाजी तेव्हा जाईच्या कपाळावरचे केस बाजूला करत होते.

अॅप उतरलं. आता जाईला कोण धरणार हा प्रश्न. सासूबाई दुकानावर, एका हातानं पोर आणि एका हातानं स्कूटी मला जमत नाही. मी काही म्हणायच्या आतच मामाजींनी टोपी घातली. किसनराव सायकलीवर पुढं, मागून आम्ही तिघं. बाग तोडल्यापासून मामाजी त्या रस्त्याला गेले नव्हते. रस्ताभर ते जाईशीच बोलत होते, मला फक्त एकदा म्हणाले, "हळू, खड्डा हाय."

वावराशी पोचलो तेव्हा ऊन नव्हतं, उजेड होता. मामाजी धुऱ्यावरच थांबले, जाईला घेऊन. मी किसनरावांच्या मागं पऱ्हाटीत शिरले. ओली पानं साडीला लागत होती. फोन सांगत होता, तुम्ही शेताच्या गटापासून दूर आहात, आणखी आत जा. मी आणखी आत गेले. फोटो काढला, पीक कापूस, जोडीला तूर. पाठवला. पडद्यावर चक्र फिरायला लागलं आणि फिरतच राहिलं.

"काय म्हणते?" किसनराव.

"चाललंय."

"मलेबी तसंच वाटते रोज."

मी फोन डोक्यावर धरून उभी राहिले, हात दुखेपर्यंत. किसनरावांनी एका झाडाची दोन पानं उलटून पाहिली. धुऱ्यावर जाई एका हिरव्या बोंडावर बोट टेकवत होती आणि ते फुटत नाही म्हणून आजोबांच्या तोंडाकडं बघत होती. "आता नाही फुटत ते," मामाजी तिला सांगत होते. "दिवाळीले फुटते. दाबून नाही फुटत."

एकदाचं पडद्यावर आलं, नोंद झाली. मी मोठ्यानं वाचून दाखवलं. किसनरावांनी ते मला परत वाचायला लावलं, मग डोक्याचा रुमाल सोडून तोंड पुसलं. "चाला," म्हणाले, "आता फक्त पिकायचं राहिलं."

घरी आल्यावर सासूबाईंनी भाकरी टाकल्या. मी फोन पाहिला. अॅप बसूनही थोडी जागा उरली होती, काढलेल्यातलं काहीतरी एक मावलं असतं. जाईचे फुगे मावले असतेच. मी फोन मामाजींजवळ घेऊन गेले.

"टाकून देऊ का तुमचं वापस?"

"पहिल्यापासून?"

"हो."

त्यांनी फोन हातात घेतला. मग म्हणाले, "पहिल्यांदा होऊन जाते माणसाकडून. माहीत नसते ना किती लागते ते. आता माहीत हाय." आणि फोन बाजेवर उपडा ठेवला. "पोरीचे फुगे टाक. जेवत नाही ती."

दुसऱ्या दिवशी पहाटे त्यांची बाज नेहमीच्याच वेळी वाजली. रोज त्या आवाजानं जाई उठते आणि मग माझा दिवस सुरू होतो. मी डोळे न उघडता पडून होते. ते दारापर्यंत आले, उशाजवळच्या फोनकडं त्यांचा हात गेला असावा, कारण फोन जरासा हलला आणि तिथंच राहिला. जाई उठून बसली.

"दे तिले इकडं," मामाजी हळूच म्हणाले. "तू पड जराशी."

मी तिला त्यांच्या हातात दिलं. अंगणात त्यांची पावलं, तिचा झोपाळू आवाज, ते तिला कुठल्याशा पाखराचं नाव सांगत होते. कोणत्या पाखराचं ते ऐकायच्या आत मला झोप लागली.